द मूव्हीज : तुटपुंज्या बजेटात स्टुडिओ चालवणाऱ्यांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

हा गेम आहे तरी काय?

साल १९२०. तुमच्या नावावर एक मोकळी जागा आहे, गाठीशी थोडे पैसे आहेत आणि फाटकाशी कामाच्या आशेनं माणसं रांग लावून उभी आहेत. एवढ्या भांडवलावर हॉलिवूडच्या धर्तीचा चित्रपट स्टुडिओ उभा करायचा. सुरुवात मूकपटांपासून. मग आवाज येतो, रंग येतो, दशकं उलटत जातात आणि आपण थेट आजच्या काळात पोचतो.

हा झाला अर्धा गेम. उरलेला अर्धा असा, की या स्टुडिओत काढलेले चित्रपट खरोखर बनतात. नट सेटवर जाऊन अभिनय करतात, कॅमेरा चालतो, आणि शेवटी काही मिनिटांचा चित्रपट हाती येतो. तो बघता येतो, कापता येतो, त्यात आवाज भरता येतो, मित्रांना पाठवता येतो. पुढची बरीचशी उत्तरं या दुसऱ्या अर्ध्याकडे झुकलेली आहेत. धंदा सांभाळायचे गेम पुष्कळ आहेत. पण रोबोच्या वेशातल्या नटाला प्रेमभंगाचा सीन करायला लावून तो पडद्यावर बघायचा, हे सुख इथेच मिळतं.

कोणी बनवला? कधी आला?

इंग्लंडमधल्या गिल्डफर्डच्या लायनहेड स्टुडिओजनं. त्याचे प्रमुख पीटर मॉलिन्यू. 'थीम पार्क' आणि 'ब्लॅक अँड व्हाइट' खेळलेल्यांना हे नाव सांगायला नको. ॲक्टिव्हिजननं तो नोव्हेंबर २००५ मध्ये विंडोजसाठी बाजारात आणला, मॅकवर नंतर फेरल इंटरॅक्टिव्हनं. २००६ मध्ये त्याला सिम्युलेशन प्रकारातला बाफ्टा हा ब्रिटिश पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी मायक्रोसॉफ्टनं लायनहेड विकत घेतली आणि २०१६ मध्ये ती बंद केली. दुसरा भाग कधीच आला नाही.

याला विनोदी गेम का म्हणतात? मला तर सगळा हिशेबच दिसतोय.

हिशेबाच्या पडद्यावरून नजर काढा आणि लॉटवर, म्हणजे स्टुडिओच्या आवारात, काय चाललंय ते बघा. या गेममध्ये माणसाला कर्सरनं उचलून हवं तिथे ठेवता येतं. नट उचलला की तो हवेत लोंबकळतो. सफाई कामगाराला उचलून नटांच्या जागी सोडलं की तो नट झाला. त्याचं नाव पोस्टरवर येतं, आणि काही वर्षांनी तोच माणूस शेजारच्या नटीची ट्रेलर-व्हॅन आपल्यापेक्षा मोठी का म्हणून रुसून बसतो. चित्रपटसृष्टीत कोण कसा वर जातो आणि वर गेल्यावर त्याचं काय होतं, हे गेम एकही भाषण न ठोकता दाखवतो.

दुसरा विनोद भाषेचा. नट जे बोलतात ती कुठलीच भाषा नाही, नुसती बडबड. पण सूर मात्र अगदी नेमका असतो. शब्द एकही कळत नाही, तरी नायिका चिडली आहे, खलनायक धमकावतोय आणि नायक खोटं बोलतोय हे स्पष्ट समजतं.

तिसरा विनोद रेडिओचा. लॉटवर काम चालू असताना निवेदक जगातल्या घडामोडी सांगत असतो. मंदी येते, महायुद्ध येतं, आणि त्यानुसार प्रेक्षकांची आवड फिरते. हे निवेदन वगळू नका. हसवता हसवता ते प्रेक्षकाच्या मनःस्थितीची कल्पनाही देत असतं.

पण माझ्या मते सगळ्यात मोठा विनोद गेममधल्या चित्रपटांचा आहे, आणि तो पहिल्या गरीब वर्षांत सगळ्यात चांगला होतो. दोन सेट, तीन नट, एक थकलेला दिग्दर्शक, आणि त्यातून परग्रहावरच्या स्वारीची कथा सांगायची आहे!

एक चित्रपट सुरुवातीपासून शेवटपर्यंत कसा काढायचा?

लेखकांना पटकथेच्या कचेरीत सोडा आणि प्रकार निवडा. प्रकार पाच आहेत : ॲक्शन, विनोदी, भयपट, प्रेमकथा आणि विज्ञानपट. लेखक लिहून मोकळे झाले की ती संहिता उचलून कास्टिंगच्या कचेरीत नेऊन ठेवा. तिथे दिग्दर्शक, मुख्य नट, एक्स्ट्रा आणि क्रू यांच्या जागा भरायच्या. वेळ असेल तर तालीम करून घ्या, मग शूटिंग. प्रत्येक सीनसाठी सगळं युनिट एका सेटवरून दुसऱ्या सेटवर चालत जातं, म्हणून सेट एकमेकांजवळ बांधा. लांब बांधलेत तर नुसत्या येण्याजाण्यात महिने जातील. शूटिंग संपलं की थेट प्रदर्शित करा, किंवा पोस्ट प्रॉडक्शनची सोय आली असेल तर आधी तिथे काम करा.

पहिल्या चित्रपटाची समीक्षा वाईट येणार. येऊ द्या.

पैसे संपत आलेत. स्टुडिओ बुडतोय. काय करू?

बहुतेकांचे पैसे सेटवर जातात. नवीन सेट दिसला की बांधायचा, ही सवय मोडा. सेट बांधायला खर्च येतो, तो झिजतो, मग दुरुस्तीला माणूस लागतो, आणि तेवढ्यात तंत्रज्ञान पुढे जाऊन तुमचा कॅमेराच जुना ठरतो. सुरुवातीला असे सेट घ्या की ज्यावर दोन-तीन प्रकारचे चित्रपट होतील. शहरातल्या रस्त्यावर मारामारी होते, प्रेम होतं, आणि मुडद्यांना चालायलाही रस्ता लागतोच. अंतराळयानाच्या आतला भाग मात्र अंतराळयानाच्याच कामाचा.

नट कमी ठेवा. दोघांना एकाच प्रकारात पुन्हा पुन्हा काम द्या, म्हणजे त्या प्रकारातला त्यांचा अनुभव वाढतो आणि चित्रपटाचा दर्जाही वर जातो. पाच नट पाच प्रकारांत थोडे थोडे शिकलेले असण्यापेक्षा एक जण भयपटात मुरलेला असणं स्वस्त पडतं. शिवाय नट जितके जास्त, तितका रुसवाफुगवा जास्त.

प्रेक्षकांना सध्या काय हवंय ते तक्त्यात बघा आणि त्याच्या विरुद्ध जाऊ नका. हातात प्रेमकथा तयार आहे आणि लोकांना मारामारी हवी आहे, तर प्रेमकथा थोडी थांबवा. संहिता कपाटात ठेवायला पैसे लागत नाहीत.

आणि संशोधन. हात आखडता घेतला की लोक आधी प्रयोगशाळेतली माणसं कमी करतात. हे करू नका. प्रतिस्पर्धी स्टुडिओंकडे आवाज आला आणि तुमचे नट अजून हातवारेच करताहेत, अशी वेळ आली तर उत्तम संहितासुद्धा तुम्हाला वाचवू शकत नाही. बाग, कारंजी, शोभेची झाडं यांवर काट मारा. लॉटची प्रतिष्ठा त्यांनी वाढते हे खरं, पण पोट भरल्यानंतरची ही कामं आहेत.

माझा मुख्य नट दारू पितो आणि सेटवर येत नाही.

तो कंटाळला आहे किंवा ताणात आहे. ताण वाढला की नट दारूकडे वळतात किंवा खात सुटतात. पगार, ट्रेलर-व्हॅन, दिमतीची माणसं आणि प्रसिद्धी यांतलं काय कमी पडतंय ते त्याच्या माहितीत दिसतं. कमी खर्चाचा उपाय : दोन चित्रपटांमध्ये त्याला मोकळा सोडा. अगदीच हाताबाहेर गेला तर पुढच्या काळात व्यसनमुक्तीचं केंद्र बांधता येतं.

आणखी एक मार्ग आहे, मला तो जास्त आवडतो. फाटकाबाहेरच्या रांगेतून एखादा नवा चेहरा उचलून त्याला छोट्या भूमिका द्यायला लागा. स्टुडिओ एकाच माणसावर टेकलेला नसेल तर त्याच्या रुसण्याची धास्ती राहत नाही.

एकच सेट प्रत्येक चित्रपटात वापरला तर चालतं का?

चालतं, पण दंड बसतो. तोच सेट वारंवार दिसला की नावीन्य घटतं आणि समीक्षक ते ताबडतोब ओळखतात. एक चित्रपट गल्लीत, दुसरा बारमध्ये, तिसरा पुन्हा गल्लीत अशी आलटापालट ठेवा. स्वतः पटकथा रचायला लागलात की मागचा पडदा आणि कपडे बदलून तीच जागा वेगळी भासवता येते. समीक्षकांच्या गुणांसाठी याचा किती उपयोग होतो ते सोडून द्या. बघणाऱ्या तुमच्या मित्राला नक्की फरक वाटतो.

स्वतःची पटकथा कशी रचायची?

त्यासाठी वेगळी इमारत आहे आणि ती मिळाली की खरा गेम सुरू होतो. प्रत्येक सेटला त्यावर घडू शकणारे तयार सीन बांधलेले असतात : दोघं भेटतात, एकजण थोबाडीत मारतो, कोणी मरतं, कोणी पळतं. तुम्ही ते निवडून ओळीनं लावता, कोण कुठल्या भूमिकेत ते ठरवता, वेशभूषा देता. बऱ्याच सीनमध्ये भावना कमी-जास्त करण्याची पट्टी असते. तोच सीन हळू रागाचा करता येतो किंवा आकांडतांडवाचा.

इथे नवे लोक हमखास अडतात. मनात एक गोष्ट घेऊन येतात आणि तिचा सीन यादीत सापडत नाही. क्रम उलटा करा. आधी सेटवरचे सगळे सीन एकदा नजरेखालून घाला आणि त्यांतून गोष्ट शोधा. नायिकेला विहिरीत ढकलायचंय पण विहीर नाही? मग ती दारातून बाहेर जाते, पुढच्या शॉटला दिग्दर्शक रिकामं दार दाखवतो, आणि नायक एकटाच परत येतो. विहिरीपेक्षा हे जास्त भीतीदायक झालं. कमी पैशांत सिनेमा काढणाऱ्यांनी जगभर हेच केलंय. जे दाखवायला परवडत नाही ते प्रेक्षकाच्या डोक्यात घडवायचं.

विनोदी चित्रपट केला, पण कोणी हसत नाही.

बहुधा तुम्ही सगळ्यांनाच विनोदी केलंय. नट, कपडे, संवाद, संगीत सगळंच गमतीदार असलं की गंमत कुठून येणार? एकाच गोष्टीला चुकीच्या जागी ठेवा आणि बाकीचं जग अगदी गंभीर राहू द्या. भयपटाच्या स्मशानात दोन मुडदे भाड्याच्या खोलीची अनामत रक्कम परत मिळत नाही म्हणून तावातावानं बोलताहेत, आणि दोघंही मनापासून चिडलेले आहेत. तिथे भावनेची पट्टी 'विनोदी'कडे नेऊ नका. रागाकडे न्या.

दुसरी गोष्ट शॉटच्या लांबीची. गेममधले सीन थोडे लांबच असतात. विनोदासाठी ते डोकं न कापता शेपटीकडून कापा. नटानं शेवटचं वाक्य टाकलं की लगेच पुढचा शॉट. क्वचित एखादा शॉट मुद्दाम लांबवा, म्हणजे दोघं एकमेकांकडे नुसतं बघत राहतात आणि कोणी बोलत नाही. पूर्ण चित्रपटात असा एकच ठेवा.

तिसरं म्हणजे मूकपटाचा काळ वाया घालवू नका. आवाज नाही, रंग नाही, पाटीवर तीन-चार शब्द. पाटीवर जे लिहिलंय त्याच्या बरोबर उलटं पडद्यावर घडलं की लोक हसतातच.

संवाद मराठीत करता येतात का?

येतात, आणि करायलाच हवेत. नटांची बडबड कुठल्याच भाषेची नसल्यामुळे ओठांचा आणि इंग्रजीचा काही संबंध नाही. पोस्ट प्रॉडक्शनमध्ये मायक्रोफोननं आपला आवाज रेकॉर्ड करून पात्राला देता येतो आणि ओठ त्यावर हलतात. वाक्यं छोटी ठेवा. एका श्वासात संपेल तेवढंच वाक्य द्या. रेकॉर्ड करताना पंखा बंद, खिडकी बंद, शक्यतो कपड्यांच्या कपाटाजवळ बसा, म्हणजे खोलीचा घुमार येत नाही. दोन पात्रांना दोन वेगळ्या माणसांचे आवाज द्या. एकाच माणसानं आवाज बदलून केलेलं डबिंग तिसऱ्या मिनिटाला थकतं.

बोली वापरा. वेस्टर्नच्या धुळीत टोपी घातलेला बंदूकवाला मालवणीत भांडतोय, शेरीफ त्याला वऱ्हाडीत समजावतोय, हे ऐकल्यावर गेम इंग्लंडमध्ये बनलाय याची आठवणही राहत नाही. देवनागरी उपशीर्षकं हवी असतील तर चित्रपट डब्ल्यूएमव्ही फाइल म्हणून बाहेर काढा आणि कुठल्याही साध्या संकलनाच्या सॉफ्टवेअरमध्ये ती चढवा. संगीत स्वतः वाजवलेलं किंवा परवानगीचं वापरा.

या गेममध्ये गंभीर काही करता येतं का?

याचं उत्तर गेम बाजारात आला त्याच महिन्यात मिळालं. २७ ऑक्टोबर २००५ रोजी पॅरिसजवळच्या क्लिशी-सू-ब्वामध्ये पोलिसांपासून लपायला विजेच्या उपकेंद्रात शिरलेली दोन किशोरवयीन मुलं शॉक लागून मेली आणि फ्रान्सच्या उपनगरांत दंगली पेटल्या. पॅरिसच्या उपनगरात राहणारे, मूळ चिनी कुटुंबातले ॲलेक्स चॅन यांना चित्रपटाचा काही अनुभव नव्हता. त्यांनी हा गेम घेतला आणि 'द फ्रेंच डेमोक्रसी' नावाचा सुमारे १३ मिनिटांचा चित्रपट केला. त्वचेच्या रंगामुळे ओळखपत्रं तपासली जाणारी, नोकरी नाकारली जाणारी तरुण मुलं दंगलीपर्यंत कशी पोचतात, याची ती गोष्ट.

गेममध्ये पॅरिस नव्हतं. न्यूयॉर्कचा भुयारी रेल्वेचा सेट होता, तोच पॅरिसची मेट्रो झाला. संवाद रेकॉर्ड न करता इंग्रजी उपशीर्षकं दिली, म्हणजे फ्रान्सबाहेरच्यांनाही कळावं. ती जागा पॅरिस नाही हे प्रत्येकाला दिसतं, तरी कोणी चित्रपट अर्धवट सोडत नाही, कारण माणसाचं काय चाललंय ते खरं आहे. अमेरिकेतल्या मोठ्या वर्तमानपत्रांनी त्याची दखल घेतली. चित्रपट उद्योगाची थट्टा करायला बनवलेल्या गेमच्या तयार सीनमधून हे निघालं, याचं मला आजही फार मोल वाटतं. हा गेम खेळणाऱ्या प्रत्येकानं तो एकदा बघावा.

आपल्याकडे असं कोणी करतं का? गेममध्ये नाही, खऱ्या सिनेमात?

मालेगाव! नाशिक जिल्ह्यातल्या या यंत्रमागांच्या गावात व्हिडिओ पार्लर चालवणाऱ्या नासिर शेख यांनी गाजलेल्या हिंदी चित्रपटांची विडंबनं काढली आणि त्यातून गावाची स्वतःची चित्रसृष्टी उभी राहिली. 'मालेगाव का सुपरमॅन'मध्ये सुपरमॅन झालेले शफीक शेख यंत्रमागावर काम करणारे. फैजा अहमद खान यांच्या २००८ च्या माहितीपटात त्या चित्रपटाचं शूटिंग बघायला मिळतं. क्रेन नाही म्हणून बैलगाडी, ट्रॉली नाही म्हणून सायकल, आणि सुपरमॅनला उडवायला ट्रकला बांधलेलं हिरवं कापड. द मूव्हीजमध्ये सेट अपुरे पडून तुम्ही हताश झाला असाल तर हा माहितीपट लावा. ही माणसं गरिबीचं रडगाणं गात नाहीत. हातात आहे त्यात शॉट कसा बसेल याच्या चर्चेत ती पूर्ण बुडालेली असतात.

'स्टंट्स अँड इफेक्ट्स' हा मूळ गेमला जोडायचा विस्तार घ्यायलाच हवा का?

२००६ मध्ये आलेल्या या विस्तारात स्टंटमन, निळ्या-हिरव्या पडद्याचं तंत्र, शहरांच्या छोट्या प्रतिकृती आणि कॅमेरा आपल्या मनानं हलवायची सोय आहे. नुसता स्टुडिओ चालवायचा असेल तर नसला तरी अडत नाही. चित्रपट करायचे असतील तर कॅमेऱ्याच्या सोयीसाठी घ्याच. तयार सीनही नव्या कोनातून घेतला की तुमचा होतो.

आज कुठे मिळेल? नव्या कॉम्प्युटरवर चालेल?

स्टीम किंवा जीओजीसारख्या डिजिटल दुकानांत तो विकत मिळत नाही. जुन्या डिस्कचा शोध घ्यावा लागतो. गेम विंडोज एक्सपीच्या काळातला आहे, त्यामुळे ताकदीचा प्रश्न नाही, साधा लॅपटॉप पुरतो. अडचण जुळवून घेण्याची असते. अधिकृत शेवटचा पॅच, म्हणजे दुरुस्तीची फाइल, घाला, जुन्या विंडोजच्या सुसंगततेत चालवून बघा. फाइल मिळते म्हणून कुठल्याही अनोळखी ठिकाणची उतरवू नका.

प्लेस्टेशन किंवा एक्सबॉक्सवर?

नाही. त्या आवृत्त्या ठरल्या होत्या, पण रद्द झाल्या.

खेळाडूंचे चित्रपट चढवायची अधिकृत साइट होती ना?

होती. लोक आपले चित्रपट तिथे ठेवत आणि एकमेकांना गुण देत. ती २००८ मध्ये बंद झाली. पुष्कळ चित्रपट तिच्याबरोबर गेले, आणि याची हळहळ वाटते. हौशी लोकांनी पहिल्या उत्साहात केलेलं ते काम होतं आणि त्याची दुसरी प्रत कित्येकांकडे नव्हती. काही चित्रपट यूट्यूबवर अजून सापडतात. तुमचा चित्रपट झाला की दोन ठिकाणी प्रत ठेवा.

मुलांना द्यावा का?

मोठ्या, शाळकरी वयाच्या मुलांना हरकत नाही. दारू, व्यसन, प्लास्टिक सर्जरी हे विषय आहेत, मारामारीचे सीन आहेत, पण सगळं व्यंगचित्राच्या अंगानं. लहान मुलांना स्टुडिओचा हिशेब कंटाळवाणा होईल. त्यांना सँडबॉक्स प्रकारात पैशांची काळजी काढून टाकून थेट चित्रपट करू द्या.

हा मिळालाच नाही तर दुसरं काय खेळू?

मायक्रोसॉफ्टचा १९९५ चा 'थ्रीडी मूव्ही मेकर' बघा. तो मुलांसाठी होता, ठोकळेबाज पात्रं, ठरलेल्या हालचाली, आणि आपला आवाज भरायची सोय. त्यातून मोठ्या माणसांनीही वर्षानुवर्षं भन्नाट विनोदी लघुपट काढले. २०२२ मध्ये मायक्रोसॉफ्टनं त्याचा सोर्स कोड खुला केला आणि हौशी लोक पुन्हा त्यावर काम करू लागले.

'स्टीव्हन स्पिलबर्ग्स डायरेक्टर्स चेअर' १९९६ चा. त्यात क्वेंटिन टॅरंटिनो आणि जेनिफर ॲनिस्टन यांच्यावर खरोखर चित्रित केलेले तुकडे जोडून आपण चित्रपट बनवतो. खेळ म्हणून तो लवकर संपतो, पण संकलनाची पहिली शिकवणी म्हणून उत्तम. एकाच प्रसंगाचे वेगवेगळे शॉट समोर ठेवून कोणता आधी लावायचा हे ठरवताना खूप काही उमगतं. नव्यांमध्ये २०२४ चा 'ब्लॉकबस्टर इंक.' द मूव्हीजच्या वाटेनं जाणारा आहे.

पहिला चित्रपट किती लांबीचा करू?

दोन मिनिटं. एक सेट, दोन पात्रं, चार ते सहा शॉट, आणि त्या दोघांपैकी एकाला काहीतरी हवं असलं पाहिजे. तो पूर्ण करून कोणाला तरी दाखवा, ते कुठे हसले आणि कुठे मोबाइल बघायला लागले ते टिपून ठेवा, आणि त्याच सेटवर त्याच दोघांना घेऊन दुसरा करा.